हेटी शॉरॉकचं मुकं बोलणं

दुसरी मोठी लढाई संपली आणि बायका घरी गेल्या, असं हल्ली कुणीही उठून सांगतं. माझी नात शाळेत तेच शिकून आली. मी विचारलं, "कुठल्या बायका गं?" तर म्हणाली, "सगळ्या, आजी. पुस्तकात आहे." आमच्या लँकेशायरच्या या गावात बायका घरी बसल्या होत्याच कधी? माझी आजी मिलमध्ये साच्यावर, म्हणजे कापड विणायच्या मागावर, आई साच्यावर, आणि मी शाळा सुटली त्याच्या पुढच्या सोमवारी साच्यावर. लढाईनंतर आम्हाला घरी कुणी पाठवलं नाही. आम्ही ज्या पायरीवर चढलो होतो तिथून खाली उतरवलं, आणि वर थँक्यू म्हणाले.

हेटी शॉरॉक माझी समोरची शेजारीण. गल्ली इतकी अरुंद की तिच्याकडे भांडं पडलं तर माझ्याकडे दचकायला व्हायचं. मिलमध्येही तिचे साचे माझ्या साच्यांना लागून. ती रेकलिफ मिलमध्ये चार साच्यांवर लागली आणि चार साच्यांवरूनच निवृत्त झाली. निरोपाला तिला एक घड्याळ दिलं, तेही मागे पडायचं. गेल्या हिवाळ्यात ती गेली. दफनाला आलेल्या पोरींना वाटलं, साधी विणकरीण होती बिचारी. मला ते सहन झालं नाही, म्हणून हे सांगते.

साचेखात्यात विणणारी साचा चालवते आणि जॉबर तो चालता ठेवतो. साचा अडला की बाईने हात बांधून उभं राहायचं आणि जॉबरची वाट बघायची. जॉबर हा पुरुषच. पाने आणि स्क्रू कोंबलेलं त्याचं वास्कीट, त्याची ती ऐटदार चाल, आणि "काय केलंस गं आता याला?" हा त्याचा ठरलेला प्रश्न. हेटीचा नवरा विल्फ आमच्या विभागाचा जॉबर होता, पण तो असलं कधी विचारत नसे. साच्यापाशी मान तिरकी करून उभा राहायचा, ठोका ऐकायचा आणि नेमका एकच स्क्रू पिळायचा. एवढ्या दणदणाटात त्याला एका साच्याचा ठोका वेगळा कळायचा. घरी जेवताना तो काटे-चमचे मांडून हेटीला साच्याचं सगळं समजावत बसे. ताटातला मटण-बटाट्याचा हॉटपॉट थंड व्हायचा, दोघांना पत्ता नसायचा.

मग लढाई आली आणि विल्फ तोफखान्यात गेला. आमचे मॅनेजर हॅल्स्टेड साहेब, जॉबर आणायचा कुठून म्हणून डोकं खाजवत बसले. तोवर हेटीने आपले अडलेले साचे आपणच दुरुस्त करून लावले, माझे लावले, पलीकडच्या म्हातारीचेही लावले. साहेबांनी दोन दिवस बघितलं न बघितल्यासारखं केलं आणि तिसऱ्या दिवशी तिच्या हातात पाना दिला. लढाईभर ती आमची जॉबर होती. विल्फचंच वास्कीट तिने बाजूने टाके घालून अंगाला बसवलं. सैन्याच्या कापडाचे ढीगच्या ढीग त्या वास्कीटाच्या जिवावर निघाले. कागदोपत्री मात्र तिचं नाव 'मदतनीस' असं लावलं, कारण जॉबरांच्या युनियनला बाई चालत नव्हती. कागदावर ती जॉबर नव्हतीच, त्यामुळे पुढे तिला काढायचीही कुणाला गरज पडली नाही.

विल्फ इटलीहून परत आला. अंगावर ओरखडा नाही, आणि तोफांच्या आवाजाने दोन्ही कान गेलेले. हेटीने वास्कीटाचे टाके उसवून, धुऊन, इस्त्री करून ते खुंटीला टांगून ठेवलं होतं. ते तिथेच राहिलं. ठोका ऐकू न येणारा जॉबर मिलला काय कामाचा? आणि पुरुष परत आल्यावर बाई जॉबर तरी कशाला? नौदलातून आलेल्या कुणा टॉमला ती जागा दिली. एका घरात एक जॉबर कान नसलेला, दुसरा मिशा नसलेला, आणि जागा तिसऱ्याचीच. विल्फला मिलच्या अंगणात झाडू मिळाला, तोही अर्ध्या दिवसाचा. हेटी माझ्या शेजारी चार साच्यांवर परत आली.

आता आमच्या बोलण्याचं सांगायला हवं. साचेखात्यात आवाज ऐकू येतच नाही, म्हणून आम्ही ओठांनी बोलतो. तोंड वेडंवाकडं करून, भुवया उडवून, सगळा चेहरा कामाला लावून. आवाज नसतो, पण एक शब्द गळत नाही. त्या टोकाच्या बाईला या टोकावरून आजचा मेनू सांगता येतो. ही सवय मग मिलबाहेरही सुटत नाही. बाजारात, बसच्या रांगेत, दवाखान्यात, आम्ही लांबूनच बोलून मोकळ्या. जॉबरांना त्यातली कामापुरती चार वाक्यं यायची: साचा बंद, ताणा तुटला, लवकर ये. बाकीची म्हणजे त्यांच्या लेखी बायकांची वटवट. त्यामुळे नवऱ्यांच्या डोक्यावरून नवऱ्यांबद्दल बोलायची आम्हाला पिढ्यान्‌पिढ्यांची सवय होती.

ही बोली हेटीने विल्फला शिकवली. तो आल्यावर पहिले काही महिने गप्पच असायचा. लोक त्याच्या तोंडाशी तोंड नेऊन ओरडायचे, आणि तो भिंतीकडे तोंड करून बसायचा. हेटीने पाटी-पेन्सिल आणली. पण पाटीवर माणूस किती बोलणार? मग ती रोज संध्याकाळी दिवा आपल्या चेहऱ्याजवळ ओढून त्याच्यासमोर बसू लागली. आधी पाव, लोणी, कोळसा, चहा. मग गल्लीतल्या माणसांची नावं. मग शिव्या, त्या त्याने एका बैठकीत उचलल्या. वर्षभरात तो तिच्याशी घडाघडा बोलायला लागला. स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यामुळे बोलायचा ते सगळ्या गल्लीला ऐकू जायचं. एकदा मला म्हणाला, "नोरा, लग्नाआधीसुद्धा हिच्या तोंडाकडे एवढं बघितलं नव्हतं मी." हेटी लाजली, चाळिशीच्या उंबरठ्यावरची बाई.

घर हळूहळू त्याच्याकडे आलं. अर्धा दिवस झाडू मारून तो दुपारी घरी असायचा, मग बटाटे सोलणं, शेगडी पेटवणं, कपडे पिळणं. कपडे वाळत मात्र हेटीच घालायची, कारण दोरी बाहेर होती. दाराची पायरी दगडाने घासून तिला पांढरी कड काढायची असते, ती न काढणाऱ्या बाईला आमच्या गल्लीत कुणी बाई म्हणत नाही. ते काम विल्फ उजाडायच्या आत उरकायचा, कुणी बघू नये म्हणून. पडद्यामागून सगळी गल्ली बघायची आणि कुणी एक अक्षर काढायचं नाही. आमच्या गल्लीला जीभ आहे तशी लाजही आहे.

अशातच सरकारने पोस्टरं लावली: बायांनो, मिलमध्ये या, देशाला कापड हवंय. या म्हटल्यावर पोरी आल्या, पण त्यांनी साचा कधी बघितलेला नव्हता. म्हणून मिलने शिकाऊ खोली काढायची ठरवली आणि हॅल्स्टेड साहेबांनी शनिवारी भोंगा झाल्यावर हेटीला बोलावलं. नव्या पोरींना विणणं शिकवायचं, आणि त्यांतल्या ज्यांना डोकं असेल त्यांना साचा लावणंही. पांढरा कोट, टेबल, खोलीच्या दारावर नाव. मदतनीस बिदतनीस काही नाही. हेटी जागच्या जागी हो म्हणाली. घरी मात्र बोलली नाही, कारण साचा लावणं हे विल्फचं काम होतं. ते एकदा त्याच्या हातून गेलं होतं. आता ते हिच्या हातात पांढरा कोट घालून परत येणार होतं.

दुसऱ्या दिवशी रविवार, आमच्या चॅपलचा वर्धापनदिन. गाणाऱ्या बायका वरच्या गॅलरीत, हेटी एका बाजूला, मी समोरच्या बाजूला. पुरुष खाली बाकांवर. पाद्रीबुवा उपदेशाला उभे राहिले की पाऊण तास बघायला नको. तो पाऊण तास आम्ही नेहमी सत्कारणी लावायचो.

हेटीने तोंड उघडलं. "हो म्हणाले मी."

"कशाला?"

"शिकाऊ खोलीला. गावच्या मिलांची वार्षिक सुट्टी संपली की सुरू. दारावर नाव लागणार, नोरा."

मला इतका आनंद झाला की मी गाण्याची वही खाली पाडली. शेजारणीने डोळे वटारले. मी विचारलं, "विल्फ काय म्हणाला?"

"सांगितलंच नाही."

"अगं बाई."

"कसं सांगू? तू बघतेस ना माझं घर. पोर सांभाळतेय मी, नोरा, चाळीस वर्षांचं. पोराला विचारून कुणी कामाला जातं का?"

आणि हसली. मीही हसले. नवऱ्याला पोर म्हणणं हे आमच्यात नवीन नव्हतं, माझा नवरा होता तोवर मी त्याला यापेक्षा वाईट म्हणत होते. हसता हसता माझी नजर खाली गेली. आमच्या पाद्रीबुवांच्या मिशा एवढ्या जाड होत्या की त्यांचे ओठ कुणालाच दिसत नसत. ऐकू येत नाही, वाचताही येत नाही, मग विल्फने उपदेशात बघायचं काय? तो टोपी मांडीवर ठेवून वर बघत होता. आपल्या बायकोच्या तोंडाकडे.

मी हेटीला "गप्प" म्हणाले. ती म्हणाली, "का?" मी डोळ्यांनी खाली दाखवलं. तिने खाली बघितलं तेव्हा विल्फने मान खाली घातली होती आणि तो टोपीची कड बोटांनी फिरवत होता. सगळ्या साचेखात्यात इतकी वर्षं हेटीने एक बोट चेचून घेतलं नव्हतं. आणि त्या दिवशी, ज्याला स्वतः दिव्यापाशी बसून शिकवलं त्यालाच विसरली.

घरी तिने त्याच्यासमोर उभं राहून तोंड उघडलं, आणि विल्फने डोळे मिटले.

एवढंच त्याने केलं. ओरडला नाही, भांडला नाही. बटाटे सोलले, शेगडी पेटवली, उजाडायच्या आत पायरी घासली, ती आमच्या सगळ्यांच्या पायऱ्यांपेक्षा पांढरी निघाली. तिच्यापुढे चहाचा कप ठेवला आणि भिंतीकडे वळला. ती समोर आली की त्याचे डोळे मिटायचे. तिने पाटीवर लिहिलं, तर पाटी हातात घेऊन न बघता पालथी घातली. शिव्या देणाऱ्याला उलट शिव्या देता येतात. डोळे मिटणाऱ्याला काय देणार?

साच्यावर हेटी मला म्हणाली, "तो बघत नाही गं माझ्याकडे."

"बघेल. पुरुष आहे. काम गेलं त्याचं, त्याला दुखणारच."

"आपलेच दात आणि आपलेच ओठ. कुणाला सांगू?"

मी साच्यातला सूत संपलेला धोटा बदलत राहिले. मला आजही वाटतं, एवढ्या मोठ्या साचेखात्यात तिच्या तोंडाकडे बघायला पन्नास बायका होत्या, आणि घरी एक माणूस नव्हता.

मग बर्था आली, विल्फची थोरली बहीण. बातमी तिच्यापर्यंत कुणी नेली विचारू नका, आमच्याकडे बातमीला पाय लागत नाहीत. झाकलेल्या भांड्यातून भावासाठी कांद्यातलं वजडीचं कालवण घेऊन आली होती. मी तिथेच होते.

"त्याचं वास्कीट घातलंस, तेव्हा मी बोलले नाही," बर्था म्हणाली. "लढाई होती. आता लढाई नाही. तो खाली अंगण झाडणार आणि तू वर कोट घालून मिरवणार. नाकापेक्षा मोती जड करू नकोस, हेटी."

मी म्हटलं, "बर्था, नाकाला विचारलंस का?"

"तू तुझ्या घरचं बघ, नोरा."

"माझ्या घरात बघण्यासारखं काही उरलं नाही, म्हणून तर इथे आहे."

विल्फ कोपऱ्यात बसून शेगडीकडे बघत होता. आम्ही तिघी त्याच्याबद्दल बोलत होतो आणि त्याला त्यातलं अक्षर ऐकू येत नव्हतं. हेटी एकदा त्याच्याकडे बघायची, एकदा त्या वास्कीटाकडे. मला तेव्हाच कळलं की ती साहेबांना जाऊन 'नाही' सांगणार. मला कळलं, आणि मी काही करू शकले नाही. नवरा-बायकोच्या मध्ये शेजारणीने किती उभं राहायचं?

गुरुवारी ती हॅल्स्टेड साहेबांकडे गेली. ते म्हणाले, "नीट विचार कर, शॉरॉक. दुसऱ्यांदा विचारायला मी येणार नाही." ती म्हणाली, "विचार केलाय, साहेब." एवढ्यावर आटपलं. बाहेर येऊन मला म्हणाली, "तू पण चल घरी. एकटीला धीर होत नाही."

विल्फ खुर्चीत खोकत बसला होता, छातीत थंडी भरली होती. हेटी अंगावरचा कोटही न काढता त्याच्यासमोर गुडघ्यांवर बसली. त्याने डोळे मिटले. तरी ती बोलली, ओठांनीही आणि आवाजानेही.

"मी नाही म्हणून आले, विल्फ. सोडली ती जागा. ऐकलंस? नाही घेत मी. डोळे उघड रे."

मग तिने त्याचा हात धरून बोटं आपल्या ओठांवर ठेवली आणि तेच पुन्हा सांगितलं. निदान बोटांना तरी कळावं. त्याने हात झिडकारला नाही. हळूच सोडवून घेतला आणि आपल्या मांडीवर ठेवला. मी दाराशी उभी होते. मी चहा ठेवायच्या निमित्ताने मागच्या खोलीत गेले आणि तिथे किटलीत पाणी भरायलाही विसरले.

शनिवारी विल्फला ताप होता म्हणून हेटी कामावर आली नाही. अर्ध्या दिवसाचा भोंगा झाला, मी घरी आले, शाल काढली आणि खिडकीशी गेले. समोरच्या खिडकीत हेटी बटाटे धूत उभी. तिच्या मागे विल्फ पांघरूण गुंडाळून खुर्चीत, डोळे मिटलेले. मला बघताच तिने हात पुसले आणि काचेजवळ आली.

"नोरा. जागा आहे का गं अजून?"

"म्हणजे?"

"हो म्हटलं तरी तो बघत नाही, नाही म्हटलं तरी बघत नाही. मग मी ती सोडली कशासाठी? सोमवारी जाऊन साहेबांच्या पाया पडते. आहे ना?"

मी सकाळीच बघून आले होते. शिकाऊ खोलीचं दार रंगवून झालं होतं आणि त्यावर नाव लागलं होतं. ओल्डहॅमहून आलेला कुणी सार्जंट, साचा लावण्यात तो हेटीच्या पासंगालाही पुरला नसता. खोटं बोलावंसं वाटलं. पण आमच्या बोलीत खोटं बोलायला सगळा चेहरा खोटा करावा लागतो आणि मला ते कधी जमलं नाही.

"भरली, हेटी. आज सकाळी. पुरुष आणला. तू नाही म्हणालीस ना गुरुवारी, म्हणून."

ती मान हलवत राहिली, ताणा तुटल्यावर हलवायची तशी. आणि तिच्या खांद्यावरून मला विल्फ दिसला. त्याचे डोळे उघडे होते. तो काचेतून माझ्या तोंडाकडे बघत होता.

तो पांघरुणासकट उठला आणि तिच्या पाठीशी येऊन उभा राहिला. तिला चाहूल लागली नाही. मग तो बोलला, त्याला स्वतःला ऐकू न येणाऱ्या त्या मोठ्या आवाजात. गल्लीत सगळ्यांना ऐकू गेलं.

"नाही म्हणालीस? कशाला नाही म्हणालीस?"

हेटी वळली. आता तिची पाठ माझ्याकडे होती, म्हणून तिने काय उत्तर दिलं असेल नसेल ते मला दिसलं नाही. त्याचं तोंड दिसत होतं.

"जागेचं कोण बोललं? तुझीच होती ती जागा. तू साचा लावतेस ते माझ्यापेक्षा बरं लावतेस, मला काय ठाऊक नाही?"

तो खोकला. भिंतीला हात टेकून उभा राहिला.

"पोर म्हणालीस मला. वर बसून. मी तुझं तोंड वाचायला शिकलो, हेटी, आणि तू त्या तोंडाने मला पोर म्हणालीस."

बर्थाने, मी, साहेबांनी, आम्ही सगळ्यांनी जागा, कोट, मोती, नाक यांचा हिशेब मांडला होता. त्याच्या मनाला काय लागलं असेल ते कुणी विचारलं नव्हतं. विचारणार कसं? त्याचे डोळे मिटलेले होते, आणि आम्हाला उत्तर आधीच ठाऊक होतं.

"बोल ना," विल्फ म्हणाला. "बघतोय मी आता."

तो वाकून तिच्या तोंडाकडे बघत होता, दिव्यापाशी बसून बघायचा तसं, एक अक्षर चुकू नये म्हणून. बराच वेळ बघत राहिला. हेटीचे खांदे हलले नाहीत, हात हलले नाहीत. त्याच्या डोळ्यांवरून मला कळलं की तिचे ओठही हलत नाहीत.